खंडेनवमीचा सामुराई

सिल्वासा
खंडेनवमी, दिवेलागणीची वेळ

ती. रोहिणीताईस,

सिल्वासामुक्कामी असलेल्या तुझ्या धाकट्या भावाचा, म्हणजे चाळीसगावच्या क्वार्टरमधल्या कायमच्या दोन नंबरच्या खेळाडूचा, कमरेतून पूर्ण वाकून नमस्कार. (वाकून का, ते पुढे येईलच. सध्या माझं सगळंच वाकून चाललं आहे.) तुझे गुडघे कसे आहेत? डॉक्टरांनी सांगितलेला व्यायाम करतेस, की त्यांनी दिलेला कागद नुसता फ्रिजवर चिकटवून त्याच्याकडे बघतेस? मानसीची परीक्षा कशी गेली? भाऊजींचं ब्लडप्रेशर कसं आहे? हा प्रश्न मी रीत म्हणून विचारलेला नाही. त्यांचं ब्लडप्रेशर आज आणि उद्या खाली असावं अशी माझी अगदी मनापासून इच्छा आहे. आमच्याकडे सगळे खुशाल. म्हणजे मीनाक्षी खुशाल आहे, आणि मला तिने अजून घरात ठेवलेलं आहे.

हाताने लिहिलेलं पत्र बघून तू म्हणशील, याला झालंय तरी काय. तर ताई, माझा मोबाईल सध्या पूजेत आहे. कारखान्यात, चौरंगावर, झेंडूच्या माळेखाली, काचेला हळदकुंकू लावून. उद्या दसऱ्याचा मुहूर्त होईपर्यंत त्याला हात लावायचा नाही. मीनाक्षीचा फोन मागता आला असता, पण ज्याने स्वतःची तलवार देवापुढे ठेवली त्याने दुसऱ्याची उसनी घेऊन फिरणं बरं दिसत नाही. म्हणून पत्र. आमच्या कॉलनीतले नारायणराव उद्या पहाटे गाडीने नाशिकला निघणार आहेत, त्यांच्या हाती ते तुला सकाळीच मिळेल. दुसरी गोष्ट अशी, की मी नोकरीचा राजीनामा दिला आहे. घाबरू नकोस. तो अजून कोणी वाचलेला नाही, कारण तोही पूजेत आहे, माझ्या मोबाईलच्या शेजारीच. उद्या दुपारी मुहूर्त झाला की सेठ तो उचलतील, उघडतील आणि वाचतील, आणि मग मात्र घाबरायला हरकत नाही.

सगळ्याला सुरुवात झाली ती घट बसायच्या आधीच्या साफसफाईत. मीनाक्षीने मला माळ्यावरची पत्र्याची ट्रंक उतरवायला लावली. (साफसफाईत नवऱ्यांची उंची तेवढी उपयोगाची असते, असं ती म्हणते.) ट्रंकेत आईने दिलेली पितळी परात, परातीखाली बाबांचा जुना मफलर, आणि त्या मफलरात गुंडाळलेला आपला काँप्युटर! अगं, तोच तो, पांढरा कीबोर्ड, वरती कॅसेट खुपसायची खाच, आणि दोन बाजूंना दोन रिमोट. तुझा लाल, आणि माझा तो वायर लूज असलेला, रबरबँड लावलेला. मी तिथेच स्टुलावर बसलो. मीनाक्षीला वाटलं मला चक्कर आली, ती पाणी घेऊन आली.

तुला आठवतं ना, बाबांनी तो जळगावहून आणला तेव्हा सगळ्या वीज मंडळाच्या क्वार्टर्सना सांगत फिरले होते, की पोरांसाठी काँप्युटर घेतला, आता पोरं मागे पडायची नाहीत. सोबत टायपिंग शिकवणारी एक कॅसेट होती आणि दुसरी फुकट मिळालेली, जिच्यावर चित्र होतं मोटरसायकलचं आणि आत निघाला होता सामुराई. टायपिंगच्या कॅसेटचं प्लास्टिकसुद्धा आपण कधी नीट फाडलं नाही. बाबा आले की तू पटकन कीबोर्डवर बोटं ठेवून "ए एस डी एफ" असं मोठ्याने म्हणायचीस, आणि बाबा समाधानाने आत जाऊन शर्ट काढायचे. त्या ब्लॅक अँड व्हाइट पोर्टेबल टीव्हीवर सामुराईही राखाडी, शत्रूही राखाडी आणि रक्तही राखाडी, त्यामुळे कितीतरी वेळा मी माझ्याच माणसाला मारून बसायचो. आईला खात्री होती की या खेळाने टीव्हीची पिक्चर ट्यूब जाते. अडॅप्टर इतका तापायचा की तू त्यावर ओला नॅपकिन ठेवायचीस. (आज मी कारखान्यात सेफ्टीचं ट्रेनिंग देतो. त्या नॅपकिनची गोष्ट मी तिथे कोणाला सांगत नाही.) आणि कॅसेट चालली नाही की ती फुंकायची! तू फुंकायचीस ती एकदाच आणि नेमकी. मी फुंकलं की थुंकी उडायची आणि पडद्यावर नुसत्या मुंग्या.

आणि ऐन रंगात आलं की लाईट जायचे. वीज मंडळातल्या माणसाच्या घरात लाईट गेले की दाद कोणाकडे मागायची? गल्लीतले लोक खिडकीखाली उभे राहून बाबांच्या नावाने शंख करायचे, आणि आपण दोघं आत अंधारात बसून मनातल्या मनात त्यांना सामील व्हायचो. लाईट आले की पुन्हा पहिल्या गावापासून सुरुवात. त्या खेळात काही साठवून ठेवायची सोयच नव्हती. पण ताई, मला कंटाळा आलेला आठवत नाही. तुला आठवतो?

आपण त्या सामुराईला शेंडीवाला म्हणायचो. दर लढाईआधी बटण दाबून वाकायचं. न वाकता वार केला तर निम्मा जीव गेला. पाठीमागून वार केला तरी निम्मा गेला. आणि प्रत्येक गाव जिंकलं की काळ्या पडद्यावर मोडक्यातोडक्या इंग्रजीत एक वाक्य यायचं, ते तू डिक्शनरी घेऊन मला मराठीत सांगायचीस: खरा सामुराई दिलेला शब्द फिरवत नाही, खरा सामुराई पाठ दाखवत नाही, खोटं बोलत नाही, मदतीसाठी हात पसरत नाही. शाळेत मूल्यशिक्षणाचा तास होता, पण त्यातलं मला एक अक्षर आठवत नाही. आठवतात ती ही वाक्यं, तुझ्या आवाजात. त्यानंतर तो लाकडी पूल यायचा आणि पुलाच्या मधोमध खेळ हँग व्हायचा, दर वेळी, शेंडीवाल्याचा एक पाय हवेत असताना. पुढे काय होतं ते आपल्याला कधीच कळलं नाही.

तर मी तो काँप्युटर पुसला, कॅसेट फुंकली (थुंकी उडाली), पिवळी वायर आमच्या मोठ्या टीव्हीला लावली आणि काय सांगू, चालू झाला! मीनाक्षी शेंगा सोलत बसली होती. तिने विचारलं, "हे चार चौकोन म्हणजे माणूस का?" मी म्हटलं, हा माणूस नव्हे, हा सामुराई. ती म्हणाली, "बरं," आणि पुन्हा शेंगा सोलायला लागली. मी गावामागून गाव जिंकत पुलापर्यंत गेलो, आणि पुलाच्या मधोमध, एक पाय हवेत असताना, शेंडीवाला हँग झाला. ताई, खरं सांगतो, माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मधल्या काळात माझं लग्न झालं, केस गेले, बाबा गेले, आणि हा गडी तिथल्या तिथे पाय उचलून उभा. मी ठरवलं की आता राहिलेलं आयुष्य सामुराईसारखं काढायचं.

हे ठरवणं सोपं असतं. मी मोबाईलवर सामुराईंबद्दल पुष्कळ वाचून काढलं. सौजन्य, धैर्य, सत्य, निष्ठा. पैकी सौजन्यापासून सुरुवात केली आणि कारखान्याच्या गेटवर वॉचमनला कमरेतून वाकून नमस्कार केला. तो बिचारा घाबरून माझ्यापेक्षा खाली वाकला, म्हणून मी आणखी वाकलो. आता रोज सकाळी आमचं तिथे बराच वेळ वाकणं चालतं, कारण आधी सरळ कोणी व्हायचं हे ठरत नाही, आणि मागे मोटरसायकली हॉर्न वाजवत असतात. सत्याचं असं झालं, की शेजारच्या कमळाबाईंनी उपासाची खिचडी पाठवली आणि संध्याकाळी जिन्यात विचारलं, कशी झाली होती? मी सांगितलं, चिकट. तेव्हापासून त्या घरातून आमच्याकडे वाटी येणं बंद आहे, आणि मीनाक्षीचं म्हणणं, की त्या घरची सुरळीची वडी तुमच्या खरेपणापेक्षा कितीतरी चवदार होती.

पाठ न दाखवण्याचा प्रयोग दुधनीच्या वाटेवर झाला. रविवारी आम्ही मधुबन धरणाकडे फिरायला निघालो होतो. रस्ता एका गाडीपुरता, आणि समोरून मासळीच्या क्रेट्सनी भरलेला टेम्पो. त्याने हॉर्न दिला. मी खिडकीतून मान लववली आणि गाडी बंद केली. लहानपणी त्यानेही कसलातरी खेळ खेळलेला असावा, कारण त्यानेही टेम्पो बंद केला, उतरला आणि बाभळीखाली पंचा टाकून आडवा झाला. ऊन वाढलं, मासळीचा वास वाढला, मागे दोन बैलगाड्या आणि एक एसटी येऊन उभी राहिली. शेवटी मीनाक्षी उतरली, फिरून माझ्या दाराशी आली आणि एवढंच म्हणाली, "सरका." तिने गाडी सरळ मागे घेऊन शेताच्या बांधाला लावली. टेम्पोवाल्याने जाताना तिला सलाम केला, माझ्याकडे बघितलंही नाही. पाठ मी दाखवली नाही हे मात्र खरं, दाखवली ती गाडीने.

इथपर्यंत सगळं घरातल्या घरात होतं. आता कारखान्याचं ऐक. तुला माहीत आहे, खडोलीला आमच्याकडे प्लास्टिकची झाकणं होतात. बाटली दुसऱ्याची, आतला माल दुसऱ्याचा, झाकण तेवढं आमचं. पॅकिंग आणि डिस्पॅच माझ्याकडे. निम्मी माणसं धुळं-नंदुरबारकडची आणि सेठ गुजराती, त्यामुळे नवरात्र दोन्ही बाजूंनी जोरात असतं. खंडेनवमीला पहिली शिफ्ट संपली की मशीनं बंद करायची, धुवायची, त्यांना झेंडूच्या माळा घालायच्या आणि चौरंगावर हत्यारं मांडायची. पूजा मांडतात चिमाबाई, पॅकिंगमधल्या सगळ्यांत जुन्या, नवापूरकडच्या. त्या दिवशी कारखान्यात त्यांचा शब्द चालतो आणि सेठसुद्धा चपला काढून त्यांच्यापुढे उभे राहतात. एकदा चौरंगावर ठेवलेली वस्तू दसऱ्याच्या मुहूर्तापर्यंत उचलायची नाही, हा नियम.

आता हा नियम सगळ्यांना माहीत असल्यामुळे आजवर चौरंगावर काय असायचं? दात गेलेला पाना, वाकडा व्हर्नियर, मूठ नसलेला स्क्रूड्रायव्हर. जी वस्तू उद्या लागणार ती पूजेत कोणी ठेवत नाही. एवढी साधी अक्कल प्रत्येक कारखान्यात, प्रत्येक गॅरेजात आणि प्रत्येक पिठाच्या गिरणीत असते. मला ती यंदा अधर्म वाटली. मी आज चौरंगापुढे उभा राहून भाषण केलं. म्हटलं, सामुराईची तलवार म्हणजे त्याचा आत्मा. तो काय गंजलेली तलवार देवापुढे ठेवायचा? आपण देवीला फसवतो आहोत. ज्या वस्तूवाचून तुमचं पान हलत नाही ते तुमचं खरं हत्यार, ते आज इथे आलं पाहिजे! आणि मी खिशातून मोबाईल काढून चौरंगावर ठेवला. पिशवीतून आपला काँप्युटरही काढला आणि त्याच्या शेजारी मांडला.

ताई, आयुष्यात पहिल्यांदा माझं भाषण कोणीतरी मनावर घेतलं. गोडाऊनचा गोकुळ पुढे आला आणि त्याने कमरेचा चाव्यांचा जुडगा काढून ठेवला. गोकुळ साक्रीकडचा, शब्दाचा पक्का माणूस, तो जुडगा झोपतानाही उशाला घेतो. मग अकाउंटच्या मंडळींनी काँप्युटरचा माउस आणला. सेठच्या गाडीचा ड्रायव्हर वाळू याने गाडीची चावी ठेवली. मेंटेनन्सवाल्यांनी चांगले पाने, हातोडे, छिन्न्या, सगळी पेटीच ओतली. चहा करणाऱ्याने गाळणी ठेवली (त्यामुळे दुपारचा चहा आम्ही पत्तीसकट चावून प्यायलो). चिमाबाई माझ्याकडे बघत होत्या. त्यांनी विचारलं, "भाऊ, सकाय काही काम पडनं तं?" उद्या काही काम पडलं तर? मी छाती काढून म्हणालो, की उद्याच्या मुहूर्तापर्यंत इथली एकही वस्तू उचलली जाणार नाही, हा माझा शब्द. टाळ्या पडल्या. चिमाबाईंनी मग प्रत्येक वस्तूला हळदकुंकू वाहिलं आणि आरती झाली.

आरतीचं तबक फिरत असतानाच गेटमधून ट्रक आत आला. नाशिकच्या एका नवीन पार्टीचा माल आज भरायचा होता. सेठनी तशी वेळ दिली होती, आणि मी ते विसरलो नव्हतो, फक्त भाषणाच्या भरात त्याचा आणि चाव्यांचा संबंध माझ्या ध्यानात आला नव्हता. माल गोडाऊनमध्ये, गोडाऊनला कुलूप, आणि चावी झेंडूखाली. गोकुळ म्हणाला, दुसरी चावी ऑफिसच्या कपाटात आहे. कपाटाची चावी त्याच जुडग्यात. कोणीतरी म्हणालं, कुलूप तोडू. हातोडा पूजेत! मेंटेनन्सचा माणूस इतका ओशाळला की आपणच चोरी केली असं त्याचं तोंड झालं. ट्रकवाला मात्र खुशीत होता. त्याने मला विचारलं की माझीही किल्ली ठेवू का.

मग सेठ आले, रिक्षाने, कारण त्यांच्या गाडीची चावीही तिथेच. "सारंगभाई, आ बधुं शुं छे?" हे सगळं काय आहे, असं म्हणत ते तरातरा चौरंगाजवळ गेले, चाव्यांकडे हात नेला, आणि चिमाबाई शांतपणे म्हणाल्या, "हात लावू नका सेठ, पूजानी वस्तू शे ती." सेठनी हात मागे घेतला. तोच हात दुसऱ्या हाताला जोडून त्यांनी देवीला नमस्कार केला, दोन्ही कानांच्या पाळ्यांना बोटं लावली, आणि मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तमे मूकी छे ने, तो तमे ज उपाडो." तुम्हीच ठेवलीत, तर तुम्हीच उचला. त्यांच्या बाजूने ते बरोबरच होतं. पाप माझ्या खात्यावर गेलं असतं आणि माल नाशिकला गेला असता.

सगळा कारखाना माझ्याकडे बघत होता. चावी वीतभर अंतरावर होती. मी उचलली असती तर कोणी काही बोललं नसतं, उलट सगळे हसले असते, साहेबांचं भाषण म्हणून सोडून दिलं असतं, आणि पुढच्या वर्षी पुन्हा दात गेलेला पाना आला असता. पण गोकुळ माझ्याकडे ज्या नजरेने बघत होता ना, तिच्यापुढे माझा हात उठेना. मी म्हणालो, सेठ, मी शब्द दिलाय. ते म्हणाले, मग पार्टीला जबाब कोण देणार? मी म्हणालो, जबाबदारी माझी. आणि ऑफिसात जाऊन, एक कोरा कागद घेऊन, हाताने राजीनामा लिहिला (माउस नव्हता). हरलेला सामुराई आपली तलवार धन्यापुढे ठेवतो तसा तो दोन्ही हातांवर धरला, सेठपुढे गेलो, एक शब्दही न बोलता कमरेतून वाकलो आणि कागद पुढे केला.

वाकल्यावर समोरचं काही दिसत नाही, ही त्या पद्धतीतली अडचण मला तेव्हा कळली. हातातला कागद गेला एवढं जाणवलं. सरळ झालो तर सेठचे हात रिकामे, आणि कागद चौरंगावर! चिमाबाईंनी तो माझ्या हातातून परस्पर घेतला होता. "आज देणं नही, लेणं नही. जे शे ते मुहूर्तले," जे काही असेल ते मुहूर्ताला, असं म्हणून त्यांनी त्याची घडी केली, माझ्या मोबाईलशेजारी ठेवली, वर सुपारी ठेवली आणि कुंकवाचं बोट लावलं. सेठनी त्या घडीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, तोंडाने काहीतरी पुटपुटले आणि आल्या रिक्षाने परत गेले. ट्रक भिंतीच्या सावलीत उभा आहे.

ताई, आता मनातलं सांगतो. त्या घटकेला मला फार बरं वाटलं. इतकी वर्षं मी मेलला उत्तरं दिली, हो सर म्हणालो, झाकणं मोजून दिली, पण मी म्हणतो म्हणून काही घडलं किंवा अडलं असं कधी झालं नव्हतं. आज एक ट्रक माझ्या शब्दावर उभा राहिला. निघताना गोकुळ गेटपर्यंत माझ्यासोबत चालत आला आणि म्हणाला, "भाऊ, आमना साठे कोनी येवढं करत नही." आमच्यासाठी एवढं कोणी करत नाही. मी त्याच्यासाठी काय केलं होतं? काहीच नाही. तरी मी त्यालाही कमरेतून वाकून नमस्कार केला.

पण घरी आलो, बूट काढले, आणि एकदम पगाराची तारीख आठवली. मीनाक्षीला सगळं सांगितलं. ती रागावली नाही, हे जास्त वाईट. तिने विचारलं, "सामुराईला बायको असते का?" मी म्हटलं, असते. "मग तो तलवार ठेवून घरी आल्यावर ती काय म्हणते?" हे मी कुठे वाचलेलं नव्हतं. या वयात नवीन नोकरी कोण देतं ताई? झाकणांखेरीज मला दुसरं काय येतं? खेळात तू मेलीस की पडद्यावर विचारायचे, पुन्हा खेळायचं का, आणि आपण बटणावर तुटून पडायचो. सेठ काही असं विचारणार नाहीत. उद्या दुपारी ते कागद उघडतील, आणि मी तिथे ताठ उभा असेन, कारण पाठ दाखवायची नाही. पण भिंतीला टेकून, हे तुला म्हणून सांगतो.

असो. तू अजिबात काळजी करू नकोस. मी शांत आहे. माणसाने आपल्या शब्दाला जागावं आणि जे होईल ते स्वीकारावं, हे मला तूच शिकवलंस, डिक्शनरी घेऊन. मला कोणाकडून काही नको. भाऊजींना नमस्कार, मानसीला आशीर्वाद, आणि तुला पुन्हा एकदा, कमरेतून.

तुझा,
सारंग

ता. क. आईला यातलं काही कळू देऊ नकोस. तिला एवढंच सांग की काँप्युटर सापडला. पिक्चर ट्यूब गेली नाही हेही सांग.

ता. क. आणखी एक किरकोळ गोष्ट लिहायची राहिली. नाशिकची ती नवीन पार्टी म्हणजे भाऊजींचीच कंपनी. नात्यातलं काम म्हणून कोणी बोट दाखवू नये यासाठी मी तुला बोललो नव्हतो, आणि भाऊजीही बोलले नसावेत. तिकडे केसांच्या तेलाच्या बाटल्या भरून उभ्या असतील आणि झाकणं इथे गोडाऊनमध्ये कुलपाआड अडकली आहेत. भाऊजी खरेदीचे साहेब. त्यांनी उद्या मुहूर्ताच्या आत सेठना घरी एक फोन करून, अगदी सहज, हसत, माल दोन दिवस उशिरा आला तरी चालेल असं म्हटलं, तर सेठचा राग उतरेल आणि कदाचित तो कागद ते न वाचताच मला परत देतील. माझं नाव निघता कामा नये. सामुराई मदतीसाठी हात पसरत नाही हे वर लिहिलंच आहे. पण सामुराईच्या बहिणीने आपल्या नवऱ्याशी बोलू नये असं मी कुठेही वाचलेलं नाही. जमल्यास नारायणरावांना चहाला थांबवू नकोस, आधी फोन होऊ दे.

ता. क. (मीनाक्षीकडून) रोहिणीताई, पाकीट चिकटवायला माझ्याकडे दिलं म्हणून वाचलं. हे आत लिहीत बसले होते तेव्हाच आपलं फोनवर बोलणं झालं, त्यामुळे भाऊजींचं तुम्हाला ठाऊकच आहे. त्यांचंही स्टोअर दसऱ्याला बंद, माल सोमवारीच हवा होता, घाई सगळी आमच्या सेठची. भाऊजींनी सेठना तसं कळवलं, त्यांचे आभार सांगा. एक सांगायचं राहिलं होतं. मी चिमाबाईंनाही फोन केला. उद्या हत्यारं ज्याची त्याला जातील. बाकी फुलं, पानं, सुपारी, अक्षता आणि कागद म्हणजे निर्माल्य, ते त्या दरवर्षीप्रमाणे स्वतः पिशवीत भरून दमणगंगेत सोडणार आहेत. त्यात सेठ हात घालत नाहीत. सेठना तर तो कागद म्हणजे यांनी देवीला लिहिलेला नवस वाटला आहे. मघाशी सेठाणी मला फोनवर विचारत होत्या, सारंगभाईंनी काय मागितलं? मी म्हटलं, कंपनीची बरकत. त्या दोघांनाही फार बरं वाटलं.

यांना यातलं काही सांगितलेलं नाही, तुम्हीही उद्या दुपारपर्यंत बोलू नका. आज जेवायला ताठ बसले होते, आणि मी वाढायला गेले की दर वेळी मान लववून "पुरे" म्हणत होते. इतक्या वर्षांत मी त्यांना असं बघितलं नव्हतं. मुहूर्तापर्यंत तसंच राहू द्यावं म्हणते.